नागपूर ते माजुली: बांबू, गाळ आणि बकासुर

आसामला चाललो म्हटलं की समोरचा लगेच म्हणतो, "काझीरंगा ना? गेंडे पाहून या." आमचं जाणं गेंड्यांसाठी नव्हतं, बडग्यासाठी होतं. माझा मोठा भाऊ, दादा, नागपूरच्या महाल भागात राहतो आणि त्याच्या मंडळाचा बडग्या दरवर्षी तोच बांधतो. विदर्भाबाहेरच्या वाचकांसाठी सांगते. नागपुरात पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, मारबतींची, म्हणजे स्त्रीरूपी मोठ्या पुतळ्यांची, मिरवणूक निघते. काळी मारबत १८८१ पासून, पिवळी १८८५ पासून. त्यांच्या मागेपुढे बडगे असतात. बांबूचा सांगाडा, त्यावर रद्दी, कागद, जुने कपडे आणि वर त्या वर्षी लोकांनी ज्याच्या नावानं बोटं मोडली त्याचं तोंड. "घेऊन जा गे मारबत" असा गजर करत सगळं गावाबाहेर न्यायचं आणि जाळायचं.

तर दादानं कुठेतरी मोबाईलवर माजुलीचा एक मुखवटा पाहिला. माणसापेक्षा मोठं तोंड, आणि जबडा उघडझाप करतोय. "आपल्या बडग्याचं तोंड एकदा बांधलं की बांधलं, अन् हे लोक त्याच्या तोंडून डायलॉग म्हणवून घेऊन राहिले," असं तो दिवाळीपासून घोकत होता. शेवटी वहिनीच म्हणाली, चला एकदाचे, जाऊन पाहून या. आम्ही दोघं, दादा आणि वहिनी असे चौघं फेब्रुवारीच्या सुरुवातीला निघालो.

माजुली हे ब्रह्मपुत्रेतलं बेट. २०१६ मध्ये त्याचा स्वतंत्र जिल्हा झाला. अख्खा जिल्हाच नदीतल्या बेटावर, असं देशात पहिल्यांदाच घडलं. जोरहाटहून नावेनं जायचं. आम्ही जोरहाटच्या एका गाईडशी आधीच बोलून ठेवलं होतं: बेटावर मुक्काम, फिरायला गाडी, आणि एक दिवस खास नाव करून साल्मोरा या कुंभारांच्या गावापर्यंत नदीतून फेरी.

बुधवार ते शुक्रवार

यात सांगण्यासारखं फार नाही. बुधवारी संध्याकाळी गीतांजली पकडली, गुरुवारी दुपारी हावडा. रात्र कोलकात्यात काढून शुक्रवारी विमानानं जोरहाट. नागपुरात पंखे सुरू झाले होते, इथे लोक शाल पांघरून चहा पीत होते. जोरहाट म्हणजे चहाचंच गाव. टोकलाईची चहा संशोधन संस्था १९११ पासून इथे आहे. पण आम्ही पोचलो तेव्हा पाच वाजले होते आणि अंधार पडायला लागला होता. आपल्याकडे त्या दिवसांत सव्वासहापर्यंत उजेड असतो, त्यामुळे माणूस फसतो. पूर्वेकडे जाताना दिवसाचा आराखडा दीड तास अलीकडे ओढावा लागतो. सकाळी सहाला उठा, सगळं दुपारी चारच्या आत उरका.

जेवणात आंबट मासे होते, टोमॅटो घालून केलेले, त्यांना तिथे टेंगा म्हणतात. सावजी रस्सा खाणारी माणसं आम्ही. ह्यांनी एक घास घेतला, माझ्याकडे पाहिलं आणि पिशवीतून ठेच्याची बाटली काढली. पुढे सगळे दिवस ती बाटली टेबलावर होती. मला मात्र तो आंबटपणा दुसऱ्या दिवसापासून आवडायला लागला.

शनिवार: निमाती घाट, कमलाबारी, सामागुरी

जोरहाटपासून निमाती घाट चौदा-पंधरा किलोमीटर. घाट म्हटल्यावर वहिनीच्या डोळ्यांपुढे रामटेकच्या अंबाळा तलावासारख्या दगडी पायऱ्या होत्या. इथे वाळूचा उतार, त्यावर टाकलेल्या फळ्या, आणि बांबू-ताडपत्रीची चहाची दुकानं. हिवाळ्यात पाणी उतरतं, पात्र सरकतं, की नाव लागायची जागाही सरकते. दुकानंही मग उचलून त्यामागे जातात. पुरी-भाजी खाता खाता दुकानदारानं सहज सांगितलं की मागच्या मोसमात तो तिकडे होता, आणि जिकडे बोट दाखवलं तिथे नुसतं पाणी होतं.

नावेत माणसं खाली, मोटरसायकली वर. गाड्या नेणारी मोठी रो-रो नावही आहे. चढताच लाईफ जॅकेट हातात दिलं जातं. २०२१ च्या सप्टेंबरमध्ये याच घाटाजवळ दोन नावांची टक्कर होऊन एक उलटली होती. त्यानंतर एका इंजिनाच्या खासगी नावांवर बंदी आली. आमच्या शेजारचे दोन कॉलेजकुमार जॅकेट मांडीखाली घेऊन बसले. गाईडनं त्यांना असमियात काहीतरी सुनावलं, तेव्हा घातलं. हा गाईड मिसिंग या इथल्या आदिवासी समाजाचा, पंचविशीतला, हिंदी फर्डी बोलणारा. माजुलीतच जन्मलेला.

नाव सरळ जात नाही. हिवाळ्यात नदीत वाळूचे पट्टे उघडे पडतात, त्यांना चापोरी म्हणतात. त्यांना वळसे घालत जावं लागतं. तासाभरानं कमलाबारी घाट आला. या पाण्यावर पूल व्हायचा आहे, २०२१ मध्ये त्याचं भूमिपूजन झालं. तो झाला की हे सगळं बदलेल, असं नावेतला प्रत्येक जण सांगतो. कोणी आनंदानं, कोणी चहाच्या दुकानाकडे पाहत.

सामान ठेवून थेट सामागुरी सत्रात गेलो. सत्र म्हणजे वैष्णवांचा मठ. श्रीमंत शंकरदेव (१४४९ ते १५६८) आणि त्यांचे शिष्य माधवदेव यांची पहिली भेट माजुलीतच झाली, आणि पुढे बेटावर एकामागून एक सत्रं उभी राहिली. कधीकाळी पासष्ट होती म्हणतात. जमीन नदीत जात राहिली तशी कितीतरी बेट सोडून गेली. आज निम्मीही उरलेली नाहीत. शंकरदेवांनी भक्तीचा प्रसार नाटकातून केला. त्या नाटकांना अंकिया नाट म्हणतात आणि प्रयोगाला भाओना. देव, राक्षस, गरुड, जटायू, कालिया नाग हे सगळे लोकांसमोर उभे करायचे तर मुखवटे हवेत. म्हणून सत्रातच मुखवटे व्हायला लागले.

एका लांब खोलीत भिंतभर मुखवटे: दहा तोंडांचा रावण, पूतना, मारीच, शूर्पणखा, नरसिंह. इथले ज्येष्ठ कलावंत हेमचंद्र गोस्वामी यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, आणि २०२४ मध्ये माजुलीच्या मुखवट्यांना भौगोलिक मानांकन. पर्यटक या खोलीत येतात, रावणासमोर फोटो काढतात आणि परतीची नाव गाठतात. खरी गंमत बाहेरच्या पडवीत आहे.

तिथे एक पोरगा बांबू चिरत बसला होता. जाती नावाचा बांबू, आधी पाण्यात भिजवून ठेवलेला, म्हणजे कीड लागत नाही. त्याच्या पातळ कामट्या करून त्यानं सहा कोनांच्या छिद्रांची वीण घातली. मग ती वीण मुठीनं आतून दाबत दाबत गाल काढला. नुसत्या कामट्यांत गाल दिसायला लागल्यावर दादा खाली मांडी घालूनच बसला. आमच्याकडे बुरडाकडून कामट्या आणतात आणि तारेनं बांधतात. इथे तार नावाला नाही.

या सांगाड्यावर नदीच्या चिकणमातीत बुडवलेल्या सुती कापडाचे तुकडे चिकटवतात. ते वाळले की माती आणि शेण कालवून नाक, भुवया, ओठ उठवायचे. अर्धवट ओलं असताना बांबूच्याच चपट्या पात्यानं घासून गुळगुळीत करायचं. त्या पात्याला ते करधनी म्हणतात. दाढी-मिशा तागाच्या किंवा वाळवलेल्या जलपर्णीच्या. शेवटी रंग. पूर्वी हिंगूळ आणि हरताळ वापरायचे, आता बाजारचे रंगही चालतात. ऊन चांगलं असेल तर दहा-पंधरा दिवसांत मुखवटा होतो, असं तो म्हणाला.

मुखवट्यांचे तीन प्रकार. फक्त तोंडावर बसणारा मुख मुखा. डोकं आणि धड वेगळं असणारा, अंग झाकणारा चो मुखा. कुंभकर्ण वगैरे मंडळी त्यात, आत माणूस शिरतो. आणि दादा ज्यासाठी आला होता तो लोटोकाई, ज्याचे अवयव हलतात. नटाला नाचता यावं आणि मुखवटा घालूनच संवाद म्हणता यावेत म्हणून हलके, जबडा-डोळे हलणारे मुखवटे करण्यात हेमचंद्र गोस्वामींचा मोठा वाटा आहे.

तिथल्या एका कारागिरानं बकासुराचा, म्हणजे कृष्णाला गिळायला आलेल्या बगळ्याच्या रूपातल्या राक्षसाचा, मुखवटा चढवला. चोच माझ्या हाताएवढी लांब. तो दोन पावलं पुढे आला, मान तिरकी केली आणि चोच फटकन वाजवली. वहिनी पदर सावरत माझ्या मागे. दादा मात्र खाली वाकून चोचीच्या आत पाहत होता.

"आतून दाखव ना भाऊ," तो हिंदी-नागपुरी मिसळून म्हणाला. कारागिरानं मुखवटा उलटा करून त्याच्या हातात दिला. आतली बाजू मला बाहेरच्यापेक्षा जास्त बोलकी वाटली. घामानं काळवंडलेलं कापड, हनुवटीशी दोरी घासून पडलेला खाचा, कपाळाच्या जागी चिंधीची गादी शिवलेली, आणि एका बाजूची तुटलेली कामटी नव्या कामटीनं सांधलेली. हा वापरातला मुखवटा होता, किती भाओना झाल्या असतील त्याच्या. तुम्ही गेलात तर भिंतीवरचं पाहून परतू नका, एखादा वापरलेला मुखवटा उलटा करून दाखवायला सांगा. ते हौसेनं दाखवतात.

दादानं मग त्याचा मुख्य प्रश्न विचारला. "हे शेण-माती लावलेलं पेटेल का?"

कारागिराला कळेचना. गाईडनं असमियात सांगितलं. तो आणखीच गोंधळला. जाळायचं कशाला? दादानं मोबाईलवर बडग्याचे फोटो काढले, मारबत दाखवली, जाळतानाचा व्हिडिओ दाखवला. पडवीतली चार माणसं जमली. एवढं मोठं बांधून त्याच दिवशी जाळता? दरवर्षी? मग पुढच्या वर्षी? "पुढच्या वर्षी नवा नेता राहते ना," दादा म्हणाला. गाईडनं त्याचं भाषांतर केल्यावर पडवी हसून हसून लोळली. नंतर त्यातल्या वयस्क गृहस्थांनी गंभीरपणे सल्ला दिला: जाळायचं असेल तर माती नको, कापडावर नुसता कागद आणि खळ लावा, सांगाडा मात्र आमच्यासारखा विणा. दादानं ते वहीत लिहून घेतलं. एवढ्या दुरून आल्याचं त्याचं सार्थक तिथेच झालं.

रविवार: नावेनं साल्मोरा

सकाळी धुकं. आमची नाव लांबट, लाकडी, मधे बांबूच्या चटईचं छप्पर. नावाडी, त्याचा भाचा, गाईड आणि आम्ही चौघं. साल्मोरा बेटाच्या पूर्वेकडे, त्यामुळे प्रवाहाच्या उलट जायचं. भाचा पुढच्या टोकाला लांब बांबू घेऊन उभा. दर थोड्या वेळानं तो पाण्यात खुपसायचा आणि मागे न पाहता हातानं खूण करायचा: डावीकडे, उजवीकडे, थांब. पाण्याखालची वाळू रोज जागा बदलते, त्यामुळे कालची वाट आज धरवत नाही. नावाड्यानं इंजिन दोनदा बंद केलं आणि आम्ही बांबूच्या रेट्यावर सरकलो.

धुकं विरल्यावर एका चापोरीवर चक्रवाकांचा थवा दिसला, नारिंगी अंगाचे. वहिनीनं लगेच ओळखले. हे हिवाळ्यात आपल्या तलावांवरही येतात. पलीकडे म्हशींचा तळ होता. गवळी कोरड्या मोसमात जनावरं घेऊन चापोरीवरच झोपडी टाकून राहतात. आम्ही उतरलो, सायीचा घट्ट चहा घेतला. ह्यांना एकदा पाण्यात पाठ दिसली, डॉल्फिनची म्हणाले. नावाड्यानंही मान डोलावली. मी वळेपर्यंत काही नव्हतं.

पुढे काठ उंच व्हायला लागला आणि मग ते दिसलं ज्याबद्दल नुसतं वाचलं होतं. काठ कापल्यासारखा उभा. वरून बांबूचं अर्धं बेट खाली ओणवं झालेलं, मुळं हवेत. एक पायवाट काठापर्यंत येऊन तिथेच संपलेली. शंभर वर्षांपूर्वी माजुली साडेबाराशे चौरस किलोमीटरच्या आसपास होती असं सांगतात, आज ती त्याच्या निम्म्याहूनही कमी उरली आहे. १५ ऑगस्ट १९५० च्या भूकंपानं, तो ८.६ तीव्रतेचा होता, डोंगर खचले, नदीत गाळ भरला, पात्र वर आलं आणि काठ खाणं वाढलं. अडवण्यासाठी जागोजागी सिमेंटच्या दांड्यांचे तिकाटण्यासारखे सांगाडे टाकलेत, त्यांना इथले सगळे पॉर्क्युपाइन म्हणतात. काही सांगाडे आता नदीच्या मधोमध उभे आहेत. म्हणजे काठ तिथे होता. गाईड म्हणाला, आजोबांचं घर कुठे होतं ते दाखवायला मला नावच करावी लागते.

साल्मोऱ्याला उतरलो तर काठावरच मडक्यांच्या उतरंडी. पाण्याच्या कळश्या, गुळाची मडकी, धुपाटणी, पणत्या. आणि कुठेही चाक नाही. मी मुद्दाम शोधलं. आपल्याकडे कुंभार म्हटलं की चाक आलंच, इथे बायका बसून, नुसत्या हातानं आणि थापटून मडकं करतात.

एक पन्नाशीची बाई अंगणात बसली होती. समोर काळसर मातीचा गोळा, त्यात बारीक वाळू मळलेली. आधी तिनं हातानं जाड काठाचं भांडं उभं केलं, बेढब. मग डावा हात आत, त्यात मातीचाच भाजलेला गोल बत्ता. उजव्या हातात लाकडी थापी. आतून बत्त्याचा आधार, बाहेरून थापीची थाप, आणि प्रत्येक थापेबरोबर भांडं बोटभर फिरवायचं. थप, फिरव. थप, फिरव. भिंत पातळ होत जाते आणि पोट फुगत जातं. माझ्या डोळ्यांसमोर त्या बेढब भांड्याची कळशी झाली आणि तेवढ्या वेळात तिनं सुनेला दोनदा रागावलं, एकदा कोंबडी हाकलली. हात थांबला नाही. वहिनीनं थापी मागून घेतली. तिसऱ्या थापेला भांड्याला भोक. बाईनं हसून चिमूटभर माती लावली, आतबाहेर दोन थापा दिल्या, भोक गायब.

पुरुषांचं काम माती काढणं, भाजणं आणि विकणं. ही माती वरवर मिळत नाही. काठात माणूस दिसेनासा होईल इतके खोल खड्डे खणून खालचा चिकट थर काढावा लागतो. भट्टीला लाकूड लागतं ते पुरात डोंगरातून वाहून आलेलं, नदीतूनच ओढून काढलेलं. भाजलेली मडकी नावेत भरून गावोगाव न्यायची आणि त्याच्या बदल्यात भात आणायचा. पैशांऐवजी धान्य घेण्याची ही रीत अजून पुरती गेलेली नाही. माती नदीची, सरपण नदीचं, बाजारही नदीवरूनच. ती नावसुद्धा हेच लोक बांधतात. एक अर्धी बांधलेली नाव काठावर पालथी होती.

आता अडचण अशी आहे की काठ खणला तर धूप वाढते, म्हणून खणण्यावर सरकारी बंधनं आली. कुंभार म्हणतात, आमच्या खड्ड्यांनी असं किती खचणार, नदी एका रात्रीत नेते त्याचं काय. दोन्ही बाजूंत तथ्य आहे असं मला वाटतं. पण एक गोष्ट खरी, की बंधनं घालणाऱ्यांचं जेवण त्या मातीवर अवलंबून नाही. त्यातच ॲल्युमिनियम आणि प्लास्टिक आलं. बाईच्या सुनेला थापी धरता येते, नातीला यायची शक्यता कमी. ती जोरहाटला नर्सिंग शिकते. बाईला त्याचं वाईट वाटत नव्हतं. उलट नातीचा फोटो दाखवताना तिनं पहिल्यांदा हात धुतले.

आम्ही धुपाटणं आणि दोन पणत्या घेतल्या. किंमत इतकी कमी सांगितली की ह्यांनी घासाघीस न करता वर पैसे ठेवले. तिनं ते परत केले आणि एक पणती जास्तीची दिली.

परतीला प्रवाह आमच्या बाजूनं होता. चारच्या आत कमलाबारी.

सोमवार: माग, पोथ्या आणि संध्याकाळचं नाम

मिसिंग लोकांची घरं बांबूच्या खांबांवर उभी असतात. पुराचं पाणी खालून जातं, एरवी त्याच सावलीत माग, डुकरं, कोंबड्या आणि गप्पा. आम्ही गेलो तेव्हा सगळ्या घरांखाली धोटे वाजत होते. आली-आये-लिगांग हा त्यांचा पेरणीचा सण असमिया फागुन महिन्यातल्या पहिल्या बुधवारी असतो, आणि त्याला नवं वस्त्र हवं. लाल-काळ्या-पिवळ्या चौकटींची नक्षी, ती कागदावर कुठेही काढलेली नाही. मागावरची पोरगी शेजारणीशी बोलता बोलता धागे मोजत होती.

वहिनीचं माहेर पवनीचं. कोष्ट्यांचे माग पाहत मोठी झालेली. आमच्याकडे करवतकाठी विणणारी घरं कशी एकेक करून बंद झाली हे तिला ठाऊक आहे, त्यामुळे तिनं नक्षीपेक्षा आधी सूत कुठून येतं, विकायला कोण नेतं, हे विचारलं. सूत बहुतेक बाजारचं. विकायला फारसं कोणी नेत नाही, कारण बहुतेक कापड घरात, लग्नात, सणातच संपतं. "म्हणून टिकलं," वहिनी म्हणाली. एका म्हातारीनं पेटीतून गादू काढून दाखवला, जाड, एका बाजूला कापसाची लव सोडलेलं पांघरूण. हे विणायला फार वेळ लागतो आणि आता विणणारे थोडे. विकायचा नव्हता, आम्हीही विचारलं नाही.

जेवायला पानात बांधून शिजवलेला भात, मासे, आणि बांबूच्या पेल्यात आपोंग, म्हणजे तांदळाची घरगुती दारू. ह्यांनी पाहुणचार मोडू नये म्हणून घेतली, दादानं दुसऱ्यांदाही पाहुणचार मोडला नाही.

दुपारी आउनीआटी सत्र, १६५३ मध्ये स्थापन झालेलं, आहोम राजांच्या आश्रयाचं. संग्रहालयात जुनी भांडी, दागिने, पोथ्या. सांची, म्हणजे अगरूच्या झाडाच्या सालीवर लिहिलेल्या पोथ्यांची शाई हिरडा आणि गोमूत्रातून करायचे. हरताळ-हिंगुळाचे रंग असे की पानं परवा रंगवल्यासारखी. माजुलीच्या या पोथीचित्रांनाही २०२४ मध्ये मानांकन मिळालं.

संध्याकाळी उत्तर कमलाबारी सत्र. इथले भकत ब्रह्मचारी, लहानपणापासून इथेच वाढतात. सत्रिया नृत्य त्यांच्याचकडून चालत आलं, संगीत नाटक अकादमीनं २००० मध्ये त्याला शास्त्रीय नृत्याचा दर्जा दिला. नामघरात, म्हणजे प्रार्थनेच्या सभागृहात, मूर्ती नसते. आसनावर भागवताची पोथी. तुकडोजी महाराजांच्या मोझरीतल्या सामुदायिक प्रार्थनेची सवय असलेल्या वैदर्भीय माणसाला यात काही परकं वाटत नाही. खोल नावाचा मृदंगासारखा ढोल आणि मोठे टाळ सुरू झाले तेव्हा दादानं, जो देवळात पाच मिनिटं बसत नाही, तासभर मांडी मोडली नाही. बाहेर आल्यावर म्हणाला, "अन् हे टाळ, मारबतीले पाहिजे होते बापा."

मंगळवार: परत

निघण्याआधी पुन्हा सामागुरी. दादाला मोठा बकासुर न्यायचा होता, पण विमानात बसणारा आकार आम्ही दोरीनं मोजून आणला होता. शेवटी हातभर चोचीऐवजी वीतभर चोचीचा घेतला, जबडा हलणारा. वयस्क गृहस्थांनी न मागता एक बिनमातीचा, नुसता विणलेला सांगाडाही दिला. त्याचे पैसे घ्यायला ते तयार नव्हते. मिरवणुकीचा व्हिडिओ पाठवा, एवढंच म्हणाले.

जाणाऱ्यांसाठी थोडं. एका दिवसात माजुली करून परत आणणाऱ्या सहली मिळतात, त्या घेऊ नका. नावेची जा-ये आणि अंधार यांत दिवस जातो, हातात फक्त मुखवट्यांची खोली उरते. निदान दोन मुक्काम हवेत. साल्मोऱ्याला गाडीनंही जाता येतं, पण नदीतून गेलात तर माती कुठून येते आणि जाते कुठे हे दोन्ही दिसतं. जूनपासून पाणी चढतं, तेव्हा नको. कार्तिक पौर्णिमेच्या रासाला गेलात तर भाओना, मुखवटे सगळं एकदम पाहायला मिळेल, पण राहायची सोय फार आधी करावी लागते.

जोरहाटच्या विमानतळावर मशीनमधून पिशवी गेली आणि जवानानं ती उघडायला सांगितली. "ये क्या है?" दादानं चोच उघडझाप करून दाखवली. "बकासुर," जवानच म्हणाला, स्थानिक असावा. त्यानं मुखवटा पुन्हा नीट वर्तमानपत्रात गुंडाळला आणि बजावलं की हा सामानात टाकू नका, मांडीवर धरा. हावड्याहून गीतांजलीत मग बकासुराला वरचा बर्थ मिळाला आणि दादा खाली माझ्या पायाशी दुमडून बसला. धुपाटण्याचा कान खरगपूरच्या आसपास तुटला.